एक गोष्टीचं, एक माहितीचं: पुढचं पुस्तक शोधायच्या वाटा

"सध्या काय वाचू?" असं कुणी विचारलं की आपण पटकन चार नावं सांगून टाकतो. नावं चांगलीच असतात. पण ती सांगणाऱ्याच्या आवडीतून आलेली असतात, आणि चार पुस्तकं वाचून झाली की विचारणारा पुन्हा तिथेच येऊन थांबतो. म्हणून या लेखात मी एकाही पुस्तकाची शिफारस करणार नाही. हातातल्या पुस्तकातूनच पुढचं पुस्तक कसं शोधायचं, कादंबरीतून इतिहासाकडे किंवा विज्ञानाकडे कसं जायचं आणि तिथून पुन्हा गोष्टीकडे कसं यायचं, ती रीत सांगणार आहे. बरीच वर्षं मी याच रीतीने वाचते आहे, आणि पुढे काय वाचायचं हा प्रश्न मला आता पडत नाही.

आधी शब्दांचं बघू. आपल्याकडे 'ललित' म्हटलं की कादंबरीही त्यात येते आणि ललित निबंधही, त्यामुळे 'ललित-ललितेतर' या जोडीने गोंधळ होतो. इथे मी सरळ 'कथात्म' आणि 'कथेतर' म्हणते. कादंबरी, लघुकादंबरी, कथासंग्रह आणि नाटक हे कथात्म. चरित्र, आत्मकथन, इतिहास, विज्ञान, प्रवासवर्णन, निबंध, पत्रसंग्रह, रोजनिशी आणि शोधपत्रकारितेतून आलेली पुस्तकं हे सगळं कथेतर. कथेतर म्हणजे पाठ्यपुस्तकासारखं रुक्ष काहीतरी, असा समज असेल तर तो आत्ताच बाजूला ठेवा.

मागची दहा पुस्तकं लिहून काढा

सुरुवात कागद-पेनाने करायची. शेवटी वाचलेली दहा पुस्तकं आठवून एकाखाली एक लिहा आणि प्रत्येकापुढे पाच गोष्टी मांडा: कथात्म की कथेतर, मूळ कोणत्या भाषेतलं, पहिल्यांदा कोणत्या साली प्रसिद्ध झालं, कोणत्या भूभागात घडतं आणि ते तुमच्यापर्यंत कसं पोचलं. साल आणि मूळ भाषा आठवत नसेल तर पुस्तकाच्या सुरुवातीच्या पानांत, जिथे आवृत्ती, प्रकाशक आणि हक्क छापलेले असतात तिथे, दोन्ही सापडतात. अनुवाद असेल तर मूळ शीर्षक आणि मूळ प्रकाशनाचं सालही बहुधा त्याच पानावर असतं.

पाचव्या रकान्याकडे नीट बघा. मी पहिल्यांदा अशी यादी केली तेव्हा दहांत आठ कादंबऱ्या निघाल्या. आठही गेल्या पंधरा वर्षांतल्या होत्या आणि त्यातल्या सात एकाच संकेतस्थळाने सुचवलेल्या होत्या. पुस्तकं आवडली होती, पण सगळी एकाच नळातून आली होती. वाचनातला एकसुरीपणा बहुतेकदा आवडीमुळे येत नाही, पुस्तकं पोचण्याची वाट एकच असल्यामुळे येतो. ती वाट बदलली की मिश्रण आपोआप बदलतं. पुढच्या सगळ्या पायऱ्या म्हणजे अशा वेगवेगळ्या वाटा आहेत.

आवडलं ते कशामुळे?

अमेरिकेतल्या ग्रंथपाल नॅन्सी पर्ल यांनी एक साधी आणि फार उपयोगाची मांडणी केली आहे. वाचक पुस्तकात चारपैकी एखाद्या दारातून शिरतो, असं त्या म्हणतात: कथानक, पात्रं, स्थळकाळ आणि भाषा. प्रत्येक चांगल्या पुस्तकात चारही असतात, पण एखादं दार मोठं असतं. आपल्या यादीतली सगळ्यात आवडलेली तीन पुस्तकं घ्या आणि प्रत्येकाबद्दल स्वतःला विचारा: "पुढे काय होतं" म्हणून जागले, "ही माणसं सोडवत नव्हती" म्हणून, "त्या जागी जाऊन राहिल्यासारखं वाटलं" म्हणून, की वाक्यं पुन्हा पुन्हा वाचावीशी वाटली म्हणून?

उत्तर मिळालं की कथात्म आणि कथेतर यांच्यामधला पूल सापडतो. सतत पानं उलटायला लावणारं कथानक आवडणाऱ्याने मोहिमांची, दुर्घटनांच्या तपासाची, वैज्ञानिक शोधांच्या चुरशीची पुस्तकं घ्यावीत. त्यांत तीच उत्कंठा असते आणि ते सगळं खरोखर घडलेलं असतं. पात्रांत जीव गुंतणाऱ्यांनी चरित्रं आणि पत्रसंग्रह बघावेत. पत्रसंग्रहाकडे मुद्दाम लक्ष वेधते, कारण त्यांच्याकडे वाचकांचं फार दुर्लक्ष होतं. वर्षानुवर्षं पत्रं लिहिणारा माणूस पानोपानी बदलत जाताना दिसतो, आणि असं बदलणं कादंबरीकारालाही सहज साधत नाही. स्थळकाळात रमणाऱ्यांना प्रवासवर्णनं, निसर्गलेखन आणि एखाद्या शहराचा किंवा नदीचा इतिहास. भाषेवर प्रेम असेल तर निबंध आणि आत्मकथनं.

हीच कसोटी उलट दिशेनेही लावता येते. ज्याला फक्त माहितीपर पुस्तकंच आवडतात, तो बहुधा वेगळं दार शोधत असतो. एखाद्या कालखंडाच्या इतिहासात रमणाऱ्याला त्याच काळात, त्याच काळच्या लेखकाने लिहिलेली कादंबरी द्या. नंतर लिहिलेली ऐतिहासिक कादंबरी नव्हे, त्या काळचीच. माणसं उठत कशी, पैशांची काळजी कशी करत, कशाला लाजत, हे तिथे इतिहासाच्या पुस्तकापेक्षा जवळून दिसतं.

एक विषय धरा आणि कपाटं फिरा

ही माझी सगळ्यात आवडती वाट, म्हणून जरा सविस्तर सांगते.

जगातल्या असंख्य वाचनालयांत पुस्तकं मेल्व्हिल ड्यूई यांच्या दशांश वर्गीकरणाप्रमाणे लावलेली असतात. ही पद्धत पहिल्यांदा 1876 साली प्रसिद्ध झाली. सगळं ज्ञान दहा वर्गांत वाटलेलं: 000 संगणक आणि सर्वसामान्य ज्ञान, 100 तत्त्वज्ञान आणि मानसशास्त्र, 200 धर्म, 300 समाजशास्त्रं, 400 भाषा, 500 विज्ञान, 600 तंत्रज्ञान, 700 कला आणि खेळ, 800 साहित्य, 900 इतिहास आणि भूगोल. पण हे वर्ग ज्ञानशाखांचे आहेत. म्हणून एकच विषय अनेक कपाटांत विखुरलेला असतो.

समुद्राचंच घ्या. प्रवाह, भरती-ओहोटी आणि समुद्रतळ यांची पुस्तकं 551.46 वर. समुद्री जीवसृष्टी 578.77 वर. जहाजवाहतूक आणि सागरी व्यापार 387.5 वर, म्हणजे समाजशास्त्रांच्या कपाटात. मासेमारीचा व्यवसाय 639.2 वर, जहाजबांधणी आणि नौकानयन 623.8 वर. समुद्रप्रवास आणि फुटलेल्या जहाजांच्या हकिकती 910.45 वर. पोहणं, शिडाच्या होड्यांच्या शर्यती वगैरे 797 वर. समुद्रावरच्या कादंबऱ्या यांपैकी कुठेच नाहीत. तत्त्वतः त्यांची जागा 800 मध्ये आहे, पण बहुतेक वाचनालयं कथा-कादंबऱ्यांचा वेगळा विभाग करतात आणि तो लेखकाच्या आडनावाप्रमाणे लावतात.

म्हणजे कादंबरी वाचणारा एका दालनात फिरतो आणि बाकीची नऊ कपाटं त्याला वर्षानुवर्षं दिसतच नाहीत. तो आळशी असतो म्हणून नव्हे, मांडणीच तशी आहे. विषय धरून फिरलं की ही भिंत ओलांडता येते.

करायचं असं. नुकत्याच आवडलेल्या कादंबरीतली एक ठोस वस्तू, जागा किंवा व्यवसाय निवडा. 'प्रेम', 'एकटेपणा' असे शब्द नकोत, ते फार पसरट आहेत. दीपगृह, मधमाश्या, घड्याळजी, खाण, नकाशे, टपाल असं काहीतरी हवं. मग वाचनालयाच्या सूचीत तो शब्द 'शीर्षक' या रकान्यात न घालता 'विषय' या रकान्यात घाला. शीर्षकात शोधलं तर नावात तो शब्द असलेलीच पुस्तकं येतात. विषयात शोधलं तर नावात तो शब्द नसलेलीही सापडतात. आलेल्या निकालांत वर्गांक बघा आणि तीन वेगळ्या मुख्य वर्गांतले तीन वर्गांक टिपून घ्या, उदाहरणार्थ एक 300 मधला, एक 500 मधला, एक 900 मधला. त्या तीन जागी स्वतः जाऊन उभे राहा. हवं ते पुस्तक काढाच, पण त्याच्या डाव्या-उजव्या बाजूची पाच-पाच पुस्तकंही चाळा. शेजारी लागलेली पुस्तकं त्याच विषयाची असतात आणि ती कुठल्याही 'सर्वोत्तम' यादीत नसतात.

दीपगृहाच्या नादाने मी एकदा अशी फिरले. सुरुवात एका कादंबरीने झाली होती. तिथून प्रकाश दूरवर पोचवणाऱ्या भिंगांबद्दल वाचलं. ऑगस्टॅं फ्रेनेल या फ्रेंच शास्त्रज्ञाने जाड, जड भिंगाऐवजी काचेच्या पायऱ्यापायऱ्यांची कडी वापरून 1820 च्या दशकात दीपगृहांचा प्रकाश कसा पालटून टाकला, ते त्यात होतं. मग दीपगृहांच्या राखणदारांच्या आठवणी वाचल्या आणि त्या वाचताना पुन्हा कथांकडे वळावंसं वाटलं. चार पुस्तकं झाली, त्यातली दोन कथेतर, आणि एकदाही "आता माहितीचं पुस्तक वाचायला हवं" असं स्वतःला बजावावं लागलं नाही.

शेवटची पानं आधी

कथेतर पुस्तकाच्या मागे टिपा आणि संदर्भसूची असते. बहुतेक वाचक तिथे पोचतच नाहीत. मला ती पानं म्हणजे पुढच्या वर्षाचं वाचन वाटतं. एका माणसाने त्या विषयावर काही वर्षं घालवली, त्यात त्याने काय काय वाचलं, ते सगळं त्याने तिथे मांडून ठेवलेलं असतं.

संदर्भसूची अख्खी वाचू नका. वाचताना एखाद्या प्रकरणात जिथे थांबलात, जिथे "हे कसं कळलं याला?" असं वाटलं, तिथे पेन्सिलने बारीक खूण करा, वाचनालयाचं पुस्तक असेल तर कागदाची पट्टी घाला. पुस्तक संपल्यावर फक्त त्या खुणांच्या टिपा बघा. त्यात कुणाच्या तरी रोजनिशीचं, जुन्या प्रवासवर्णनाचं किंवा अगदी एखाद्या कादंबरीचं नाव निघतं. दोन वेगळ्या लेखकांच्या सूचीत एकच पुस्तक आलं, तर ते आधी घ्या.

कादंबरीच्या मागे सूची नसते, पण ऋणनिर्देश असतो. एखाद्या व्यवसायावर किंवा काळावर कादंबरी लिहिणारा लेखक अनेकदा तिथे सांगतो की अमुक पुस्तकांचा उपयोग झाला. अनुवादित कादंबरी असेल तर अनुवादकाचं नाव टिपून ठेवा आणि त्याने आणखी काय अनुवादलं आहे ते शोधा. चांगला अनुवादक निवडीतही चोखंदळ असतो. ज्या भाषेतलं आपण मूळातून काहीच वाचू शकत नाही, तिथे त्याच्या मागे जाण्यासारखा दुसरा भरवशाचा रस्ता नाही.

दहा मिनिटांत पारख

पुस्तक हातात आलं, घ्यावं की नाही? मलपृष्ठावरचा मजकूर पुस्तक विकण्यासाठी लिहिलेला असतो, त्यावर विसंबू नका.

कादंबरीचं पहिलं पान वाचा आणि मग साधारण एक तृतीयांशावरचं एखादं पान. पहिलं पान लेखकाने पन्नास वेळा घासून पुसून लिहिलेलं असतं. मधलं पान रोजची चाल दाखवतं. त्या पानावर संवाद जिवंत आहेत का आणि वाक्यात उगाच सजावट आहे का, एवढं बघितलं तरी पुष्कळ कळतं. शेवट बघू नका.

कथेतर पुस्तकाचा क्रम वेगळा. आधी प्रकाशनाचं साल. वैद्यक, तंत्रज्ञान, पोषण अशा विषयांत दहा वर्षांपूर्वीचं पुस्तक बरंच मागे पडलेलं असू शकतं. इतिहास, तत्त्वज्ञान, प्रवास यांत पन्नास वर्षांपूर्वीचंही ताजं असू शकतं. मग अनुक्रमणिका: प्रकरणांची नावं वाचून युक्तिवाद पुढे सरकताना दिसतो की एकच गोष्ट आठ वेळा सांगितली आहे? त्यानंतर शेवटची विषयसूची. त्यात तुम्हाला थोडंफार ठाऊक असलेला एक शब्द शोधा आणि ते पान वाचा. ओळखीच्या मुद्द्यावर लेखक घाईघाईने, ढोबळ बोलत असेल तर अनोळखी मुद्द्यांवरही तो तसाच बोलत असणार. ठाम दावे आहेत आणि टिपा अजिबात नाहीत, असं दिसलं तर मी पुस्तक परत ठेवते.

इंटरनेटवर शोधताना

"हे घेणाऱ्यांनी हेही घेतलं" असं सुचवणारी यंत्रणा तुमच्यासारख्या वाचकांच्या मागच्या निवडी बघून पुढचं सुचवते. त्यामुळे सूचना चुकीच्या नसतात, जवळजवळच्या असतात. तीन रहस्यकथा वाचल्यात तर चौथी येणार. तिच्याकडून दूरचं काही मिळेल अशी अपेक्षा ठेवू नये, आणि दूरचं शोधायला वेगळी ठिकाणं वापरावीत.

वर्ल्डकॅट ही जगभरातल्या हजारो वाचनालयांची एकत्रित सूची आहे. तिथे विषयाने शोधता येतं आणि पुस्तक कुठल्या वाचनालयात आहे तेही कळतं. ओपन लायब्ररी हा इंटरनेट आर्काइव्हचा प्रकल्प आहे. प्रत्येक पुस्तकासाठी एक पान असावं हा त्याचा हेतू, आणि तिथे विषय, स्थळ आणि काळ यांच्या खुणांवरून एका पुस्तकातून दुसऱ्यात जाता येतं. जुन्या पुस्तकांसाठी प्रोजेक्ट गुटेनबर्ग. मायकेल हार्ट यांनी ते 1971 मध्ये सुरू केलं आणि आज तिथे 70,000 हून अधिक पुस्तकं मोफत आहेत. तीही विषयवार लावलेली आहेत. हक्कांचे नियम देशादेशांत वेगळे असतात, तेवढं बघून घ्या.

वाचकांचे अभिप्राय वाचायचे तर पाच तारे आणि एक तारा दोन्ही सोडून तीन तारेवाले वाचा. तिथे काय जमलं आणि काय नाही, दोन्ही लिहिलेलं असतं. तक्रारही नीट वाचा. "फार संथ आहे, नुसती वर्णनंच" ही तक्रार स्थळकाळाच्या दाराने शिरणाऱ्या वाचकासाठी शिफारस असते.

पुरस्कारांबद्दल थोडक्यात. विजेत्यावर सगळ्यांचं लक्ष असतं, तुम्ही परीक्षकांनी आधी निवडलेली लांब यादी बघा. बुकर पुरस्काराच्या लांब यादीत बारा-तेरा पुस्तकं असतात आणि लघुयादीत सहा. गळलेल्या सहा-सात पुस्तकांत अनेकदा जास्त धाडसी लेखन असतं. अनुवादित कथासाहित्यासाठी आंतरराष्ट्रीय बुकर बघा. 2016 पासून तो एका पुस्तकाला मिळतो आणि रक्कम लेखक आणि अनुवादक यांच्यात समान वाटली जाते. कथेतरासाठी बेली गिफर्ड पुरस्कार आहे, 1999 पासून चालत आलेला, आणि विज्ञानलेखनासाठी रॉयल सोसायटी या ब्रिटनमधल्या विज्ञानसंस्थेचा. मागच्या दहा वर्षांच्या याद्या काढल्या तर हाताशी भरपूर ऐवज होतो.

माणसांना विचारणं

ग्रंथपालाला "काहीतरी चांगलं द्या" म्हटलं तर तो बिचारा काय देणार? असं विचारा: "अमुक पुस्तक आवडलं, कारण त्यातली बहिणीबहिणींची भांडणं अगदी खरी वाटली. अमुक अर्धवट सोडलं, कारण नावं फार होती. आता कथा नको, खरं घडलेलं हवं, पण माणसांबद्दलचं." आवडलेलं एक, सोडलेलं एक, दोन्हींची कारणं आणि आत्ताची गरज. सोडलेल्या पुस्तकाचं कारण आवर्जून सांगा. आवडीपेक्षा ते जास्त बोलकं असतं. भारतीय ग्रंथालयशास्त्राचे जनक एस. आर. रंगनाथन यांनी 1931 मध्ये मांडलेल्या पाच सूत्रांपैकी दोन अशी आहेत: प्रत्येक वाचकाला त्याचं पुस्तक, आणि प्रत्येक पुस्तकाला त्याचा वाचक. चांगला ग्रंथपाल ही दुसरी बाजूही मनात धरून असतो. कुणी नेत नाही असं एखादं उत्तम पुस्तक त्याच्या डोक्यात असतंच. ते मागून घ्या.

मित्रमंडळींत तुमच्यासारखं वाचणाऱ्यापेक्षा वेगळ्या कामातल्या माणसाला विचारा: "तुझ्या क्षेत्राबद्दल बाहेरच्या माणसाने एक पुस्तक वाचायचं तर कोणतं?" डॉक्टर, सुतार, हिशेबनीस, माळी, प्रत्येकाकडे याचं उत्तर असतं आणि ते मनापासून दिलेलं असतं.

वाचनालयात आणखी एक जागा आहे, परत आलेल्या पुस्तकांची ढकलगाडी. अजून कपाटात न लागलेली पुस्तकं तिथे एकमेकांना खेटून असतात: कादंबरीशेजारी बागकाम, त्याच्याशेजारी युद्धाचा इतिहास. कुणीतरी ती खरोखर घरी नेलेली असतात. मी आत शिरले की आधी तिथे जाते.

वाचताना

एकाच वेळी दोन पुस्तकं चालू ठेवा, एक कथात्म आणि एक कथेतर, आणि त्यांच्या वेळा वेगळ्या ठेवा. मला कथेतर सकाळी झेपतं, कारण टिपणं काढायची असतात, रात्री गोष्ट. दोन कादंबऱ्या एकत्र वाचल्या तर पात्रं एकमेकांत मिसळतात, तसं इथे होत नाही. कथात्म आणि कथेतर अर्धं-अर्धं असावं असा हट्ट मात्र धरू नका. काही महिने नुसत्या कथाच वाचाव्याशा वाटतात, तेव्हा वाचाव्यात. तीन महिन्यांतून एकदा यादी काढून बघितली की पुरे.

आणि पुस्तक सोडायला शिका. नॅन्सी पर्ल यांचा नियम असा: वय पन्नास किंवा त्याहून कमी असेल तर पन्नास पानं वाचून बघा, पन्नासच्या पुढे असाल तर शंभरातून वय वजा करा, उरतील तेवढी पानं. बासष्टाव्या वर्षी अडतीस पानं पुरेत. कथेतराला मी एक सवलत देते: सोडण्याआधी मधलं, सगळ्यात कुतूहल वाटणारं एक प्रकरण थेट वाचते. कादंबरी पहिल्यापासून वाचावी लागते, पण पक्ष्यांच्या स्थलांतरावरचं पुस्तक पाचव्या प्रकरणापासून सुरू केलं तर काही बिघडत नाही. पुष्कळदा तिथून मागे यावंसं वाटतं.

संपलेल्या किंवा सोडलेल्या प्रत्येक पुस्तकाखाली वहीत दोन ओळी लिहा. पहिलीत, कोणत्या दाराने शिरलात किंवा कुठे अडलात. दुसरीत, त्याने मनात उभा केलेला एक प्रश्न. "राखणदार रात्री जागे राहण्यासाठी काय करत?" एवढाच प्रश्न माझ्या वहीत दीपगृहांच्या आठवणींखाली लिहिलेला आहे. त्याचं उत्तर शोधायला मी झोपेच्या शरीरशास्त्रावरचं पुस्तक आणलं आहे, आणि ते सध्या अर्ध्यावर आहे.